मुका खेळ

पडद्यासाठी पांढरी चादर आईने स्वतःहून काढून दिली, तेव्हाच ताईला वाटलं की आज काहीतरी वेगळं घडणार. गेली दोन वर्षं आई या सिनेमाचा विषयही घरात काढू देत नव्हती, आणि आज तीच स्टुलावर चढून चादरीचं टोक खिळ्याला अडकवत होती.

"आई, उतर खाली. पडशील."

"तुझे एकतीस सिनेमे टांगले मी या खिळ्याला. अजून पडले नाही."

"तीस. हा एकतिसावा."

"मग हाही टांगते. पंखा बंद कर आधी, चादर फुगतेय."

दुपारचा दीड वाजला होता. पाच वाजता वाहिनीची गाडी सिनेमा न्यायला येणार होती. येत्या रविवारी, संध्याकाळच्या बातम्यांच्या आधी, तो सगळ्या देशाला दिसणार होता. तीस वर्षं ताईचे माहितीपट शाळांच्या सभागृहांत, युनियनच्या कचेऱ्यांत, दवाखान्यांच्या बाकांसमोर दाखवले गेले होते. एकदा तर उभ्या ट्रकच्या पाठीवर. एका सिनेमानंतर एका शहरात गटारात माणूस उतरवणं बंद झालं. एकानंतर एका शाळेला दारं बसली. बऱ्याच सिनेमांनंतर काहीच झालं नाही. पण रविवारची संध्याकाळ तिला आजवर कुणी दिली नव्हती. सकाळपासून तिने तीनदा चहा करून घेतला आणि तीनदा तो खिडकीत विसरला.

घरातली पद्धत मात्र चुकवायची नव्हती. ताईच्या पहिल्या सिनेमाच्या वेळी, रुग्णालयाचे कपडे धुणाऱ्या बायकांवरच्या, स्पीकर जळाला होता आणि घरच्यांनी तो तसाच, आवाजाविना पाहिला होता. मध्येच आई म्हणाली होती, "ती तिसरी बाई काहीतरी लपवतेय बघ." आणि ती खरंच लपवत होती. तेव्हापासून प्रत्येक सिनेमा आधी घरच्यांसमोर मुका चालायचा. ज्या जागी कुणी जांभई देईल त्या जागी कात्री. मग चहा, आणि चहानंतर आवाजासकट दुसरा खेळ. नाना, म्हणजे ताईचे वडील, मुक्या खेळाला कधीच बसत नसत. "मुकं काय बघायचं?" असं म्हणून ते फिरायला जायचे आणि चहानंतर येऊन पडद्याला अगदी चिकटून असलेल्या खुर्चीत बसायचे.

या सिनेमाला तरी ते बसतील की नाही, हेच आज कुणाला माहीत नव्हतं. कारण सिनेमा त्यांच्याच कारखान्यावर होता.

स्वयंपाकघरात धाकटा भाऊ पाण्याचा ग्लास हातात धरून उभा होता. पाणी पीत नव्हता.

"वकिलाचा फोन आला होता म्हणे तुझ्या वाहिनीच्या."

"आला होता."

"मग काढ ना ते वाक्य. एका वाक्याने काय अडतंय?"

"वाक्य एकच आहे रे. 'कारखान्याला माहीत होतं.' ते काढलं की त्याच्या मागची सहा मिनिटं जातात. आणि ती गेली की उरतात फक्त म्हातारी बहिरी माणसं. बिचारी, गरीब. लोक हळहळतील आणि बातम्या बघतील."

कारखाना पोलादी पिंपांचा होता. प्रेस शॉपमध्ये बारा मोठे प्रेस रात्रंदिवस पत्र्यावर आदळत. तिथे काम केलेल्यांपैकी बहुतेकांना आता ऐकू येत नव्हतं. कारखान्याचं म्हणणं असं, की त्या काळी आवाजाने कान जातात हे कुणालाच ठाऊक नव्हतं आणि कुणी कधी तक्रारही केली नाही. वाहिनीच्या वकिलाचं म्हणणं असं, की वरच्या फळीतल्या एका तरी माणसाचा शब्द असल्याशिवाय हे वाक्य चालणार नाही. त्या काळातला एकच फोरमन आज हयात होता, आणि तो शेजारच्या खोलीत वर्तमानपत्र वाचत होता. ताईने दोन वर्षांत त्यांना सात वेळा विचारलं होतं. सातही वेळा नाना उठून गेले होते.

"मी तिथे खरेदी विभागात बसतो ताई," धाकटा म्हणाला. "सोमवारी मला त्याच फाटकातून आत जायचंय. तू सिनेमा करून मोकळी. लोक टाळ्या वाजवणार, आणि मी डबा उघडला की शेजारची टेबलं उठून जाणार."

"तुला काही बोलतील असं वाटतं?"

"बोलणार नाहीत. तेच वाईट." त्याने ग्लास ठेवला. "बरं, आपल्या बापाला विचारलंस? त्यांना काय वाटेल याचा विचार केलास?"

"सात वेळा विचारलं."

"सात वेळा नाही म्हणाले, तरी तुझं आपलं चालूच!"

"नाही म्हणाले नाहीत," ताई म्हणाली. "उठून गेले."

तेवढ्यात बाहेरून भिंगरीची हाक आली, "आत्या! बाबा! भांडण नंतर, आधी सिनेमा!" भिंगरी म्हणजे धाकट्याची मुलगी. वय तेवीस, एका जागी बसणं माहीत नाही, पण संकलनाला बसली की सहा-सहा तास हलत नाही. बापाच्या नोकरीविरुद्धचा सिनेमा मुलगी जोडतेय, यावरून त्यांच्या घरी तीन महिने जेवणाच्या वेळा वेगवेगळ्या होत्या.

मुका खेळ बरा झाला. आईने एकदाच जांभई दिली, तीही खोटी असावी. सगळ्यांना हसू आलं ते जुन्या रिळातल्या एका जागी. नानांचे धाकटे भाऊ, कै. फोटोकाका, कारखान्यात पाहुणे यायच्या दिवशी आपला चावीचा कॅमेरा घेऊन जायचे. त्यांची तीन रिळं माळ्यावर सापडली होती, आवाज नसलेली. त्यात एका दृश्यात ओळीने उभे असलेले कामगार एकामागून एक कानात बोट घालून खाजवत होते. भिंगरीने तिथे बासरी टाकली होती.

"माकडं कुठली," धाकटाही हसला.

चहा झाला. दुसऱ्या खेळाची तयारी सुरू झाली.

जावई, म्हणजे ताईचा नवरा, टेबलाखाली होता. घरात त्याला सगळे जावईबापू म्हणत आणि हे नाव त्याला आता स्वतःच्या नावासारखं झालं होतं. तो ध्वनिमुद्रक. ताईच्या पंचवीस सिनेमांचा आवाज त्याने धरला होता. पहाटे रिकाम्या शाळेत कसा आवाज असतो, भिंतीमागे कुणी रडत असेल तर माइक कुठे धरायचा, हे त्याला कळायचं. बाकी जगात तो जरा गोंधळलेलाच असे. ओठांवर मोठ्या झुपकेदार मिशा होत्या, आणि त्या मिशांवरून सासऱ्यांशी त्याचं वीस वर्षांचं वैर होतं. "आधी ते काढा, मग बोला," असं नाना त्याला लग्नानंतरच्या दुसऱ्याच दिवशी म्हणाले होते. त्याने त्या काढल्या नव्हत्या. हा एकच हट्ट त्याने आयुष्यात केला होता.

"आतोबा, वायर लागली का?" भिंगरी वरून विचारत होती.

"थांब गं. हिचा पिळा कुणी केलाय देव जाणे."

"मी तोवर पैलवानांची मुलाखत पुढे घेऊन बघते. रंग जरा लालसर वाटतोय."

नाना आत आले. नेहमीप्रमाणे कुणाकडे न बघता पुढच्या खुर्चीत बसले. ते आले यानेच खोलीतली हवा बदलली. ताई दारात कप घेऊन थबकली. धाकट्याने नाइलाजाने हात जोडल्यासारखे केले आणि लगेच खाली घेतले.

चादरीवर पैलवान दिसू लागले. प्रेस क्रमांक चारवरचे. आता ऐंशीच्या पुढचे, गालफडं बसलेली, पण छाती अजून रुंद. ते काहीतरी सांगत होते. त्यांचं तोंड अख्ख्या चादरीवर पसरलं होतं. मग ते थांबले आणि किंचित हसले.

"माहीत नव्हतं कसं?" नाना एकदम मोठ्याने म्हणाले. "सगळं माहीत होतं मला."



पैलवानांचं ते वाक्य ताईने संकलनाच्या खोलीत दोनशे वेळा ऐकलं होतं. *आमच्या फोरमनचा दोष नाही. भला माणूस. त्याला काय माहीत होतं?*

जावई टेबलाखालून हळूच बाहेर आला. स्पीकरची वायर त्याच्या हातात होती. दोन्ही टोकं. त्याने एकदा वायरीकडे पाहिलं, एकदा स्पीकरकडे, आणि मग सासऱ्यांच्या पाठीकडे.

"नाना," ताई म्हणाली. "नाना, कुणाला म्हणालात?"

नाना चादरीकडेच बघत होते.

"नाना!" ताई ओरडली.

पाठ तशीच.

जावयाने आयुष्यभर कुजबुजी मोजल्या होत्या. आपल्याच घरात समोर बसलेल्या माणसाला आपण कधी मोजलं नाही, हे त्याच्या लक्षात आलं आणि त्याचे कान गरम झाले.

आई उठली. नानांच्या समोर जाऊन उभी राहिली, चादरीच्या आड, त्यामुळे पैलवानांचा चेहरा तिच्या साडीवर हलू लागला. ती काहीतरी म्हणाली. आवाज न करता, फक्त ओठांनी. नानांचा चेहरा उतरला. मग ते खुर्चीतल्या खुर्चीत सावकाश वळले आणि सगळ्यांकडे बघितलं. चोरी पकडली गेलेला लहान मुलगा जसा बघतो, तसं.

"आवाज बंद होता होय?" ते म्हणाले.

"एकवीस वर्षं झाली," आई म्हणाली. तिला एकदम हलकं वाटत होतं, आणि त्याचीच लाज वाटत होती. "आधी एक कान. मग दुसरा. मला शपथ घातली होती, पोरांना सांगायचं नाही म्हणून. प्रेसवर सगळे ओठांवरूनच बोलायचे, तिथे दुसरं काही चालायचंच नाही. ती विद्या कामाला आली. मी फक्त एवढंच बघायचे की दिवा चांगला असावा आणि यांची खुर्ची दाराकडे तोंड करून असावी. कुणी मागून हाक मारली की मी म्हणायचे, राहू दे, रागात आहेत. रागीट म्हटलेलं यांना चालत होतं. बहिरा म्हटलेलं नको होतं."

"म्हणजे आजोबा रागीट नाहीतच?" भिंगरी म्हणाली.

"आहेत की. पण एवढे नाहीत."

धाकटा खाली बसला. "मी दर रविवारी फोन करायचो," तो नानांना म्हणाला आणि मग आठवण होऊन त्यांच्यासमोर आला, चेहरा त्यांच्याकडे करून पुन्हा म्हणाला, "दर रविवारी. तुम्ही हं हं करून मध्येच ठेवून द्यायचात. मला वाटायचं, माझ्या नोकरीवरून तुम्ही नाराज आहात."

"तू साधारण चार मिनिटं बोलतोस," नाना म्हणाले. "मी घड्याळ बघून ठेवायचो. कधीकधी अंदाज चुकायचा."

धाकट्याला हसावं की रडावं कळेना. त्याने दोन्ही केलं.

आणि जावई, जो एवढा वेळ वायर धरून उभा होता, एकदम ओरडला, "माझ्या मिशा!"

"काय झालं?" ताई दचकली.

"अगं, मिशा! वीस वर्षं! नाना, माझं बोलणं तुम्हाला…"

"तुमच्या मिशांमागे काय चालतं ते मला आजवर कळलेलं नाही, जावईबापू," नाना म्हणाले. "आत्ताही अंदाजानेच बोलतोय. मी आपला हो म्हणत आलो."

"मी एकदा तुमच्याकडे गाडी मागितली होती. तुम्ही हो म्हणालात आणि आतून छत्री आणून दिलीत! मला वाटलं टोमणा आहे. मी दोन महिने आलो नाही."

हे त्यांना कळलं नाही. आईने समोर येऊन सांगितलं, तेव्हा नाना असे हसले की खुर्ची हलली. सगळेच हसले. हसता हसता ताईच्या डोळ्यांत पाणी आलं, ते तिने कपाच्या आड केलं. जावई मात्र हसत नव्हता. तो तडक न्हाणीघरात गेला आणि आतून कडी घातली.

कल्पना भिंगरीला सुचली. ती उठून उभीच राहिली.

"आजोबा! फोटोकाकांची रिळं!"

"काय?"

ती उडी मारून त्यांच्यासमोर गेली, चेहरा त्यांच्या चेहऱ्याजवळ नेला. "रि-ळं! त्यातली माणसं बोलतायत. गेले तीन महिने मी त्यांची तोंडं बघतेय. कुणालाच माहीत नाही ते काय म्हणतायत. तुम्हाला कळेल!"

ताईच्या हातातला कप चौथ्यांदा खिडकीत गेला. पंचेचाळीस वर्षांपूर्वीचा प्रेस शॉप बोलणार होता. तिने घड्याळ बघितलं. पावणेतीन.

"लाव," ती म्हणाली. "लाव, लाव, लाव!"

काळीपांढरी, थरथरती चित्रं चादरीवर आली. नाना पुढे झुकले. त्यांचा आवाज आधी दबका होता, मग मोकळा होत गेला.

"हा म्हणतोय, उद्या मी यायचा नाही, सासू आलीय… हा त्याला म्हणतोय, मग तर ये, ओव्हरटाइम कर… हा गातोय. बेसूर गायचा, पण त्या शॉपमध्ये कोण ऐकणार?… हा, हा टोपीवाला! हा म्हणतोय, कॅमेऱ्यात माझं पोट येऊ देऊ नका."

भिंगरी कागदावर खरडत होती, आई हसून हसून पदराने तोंड पुसत होती. ताई नानांच्या बाजूला जमिनीवर बसली होती, लहानपणी बसायची तशी. दोन वर्षं जे दार उघडत नव्हतं, ते भलत्याच बाजूने उघडलं होतं आणि आत जत्रेइतकी माणसं होती. मेलेली माणसं, आणि थट्टा करत होती.

मग ती कान खाजवणारी ओळ आली.

नाना गप्प झाले.

चित्रात एक तिशीतला सडपातळ फोरमन प्रेसच्या ओळीतून चालत येत होता. प्रत्येकापाशी थांबून काही शब्द बोलायचा आणि पुढे जायचा. तो पुढे गेला की मागचा माणूस कानात बोट घालायचा. क्रमांक चारपाशी तो थांबला. तरुण पैलवान त्याला काहीतरी म्हणाले. फोरमन हसला.

"आजोबा, हे तुम्ही ना?" भिंगरीने समोर येऊन विचारलं. "काय म्हणताय?"

"नीट दिसत नाही," नाना म्हणाले.

त्यांना नीट दिसत होतं. अक्षरन्‌अक्षर दिसत होतं. त्यांच्या मनात आलं, की या खोलीत हे वाचू शकणारा दुसरा कुणी नाही. 'मन लावून काम करा' म्हटलं असं सांगितलं, तरी ते खरं ठरेल. 'पाहुण्यांना नमस्कार करा' म्हटलं, तरी. चादरीवरचा तो हसरा पोरगा काही तक्रार करायला येणार नाही.

"नाना," धाकटा समोर आला. त्याचे ओठ म्हणत होते, "दिसत नसेल तर राहू द्या. इतक्या जुन्या रिळात काय दिसणार?" त्याचा खालचा ओठ किंचित थरथरत होता. शाळेत असताना प्रगतिपुस्तक लपवून यायचा तेव्हा थरथरायचा तसाच. हा घाबरलाय, नानांना कळलं. सोमवारच्या फाटकाला घाबरलाय.

त्यांनी थोरलीकडे पाहिलं. तिचं तोंड मिटलेलं होतं. त्यावर वाचण्यासारखं काही नव्हतं. दुसऱ्याच्या तोंडात शब्द घालायचे नाहीत, हे ती तीस वर्षांत शिकली असावी, किंवा आठव्यांदा विचारायचं बळ तिच्यात उरलं नव्हतं. नानांना ते ठरवता आलं नाही.

न्हाणीघराचं दार उघडलं. जावई बाहेर आला. मिशांच्या जागी एक पांढरा, ओला, उघडा ओठ होता, एका बाजूला थोडा कापलेला.

"अगंबाई!" ताई किंचाळली.

जावई सरळ नानांसमोर गेला. त्या नव्या तोंडाने, एकेक शब्द सुटा करत म्हणाला, "नाना. आता. दिसतंय?"

नानांनी त्या चेहऱ्याकडे बराच वेळ पाहिलं. "दिसतंय," ते म्हणाले. "वीस वर्षांनी जावई दिसला." मग त्यांनी भिंगरीला हाताने खूण केली. "ते पुन्हा लाव. आणि थोरले, तुझा कॅमेरा कुठेय?"

"नाना, नुसता आवाज दिलात तरी चालेल," ताई घाईने म्हणाली. "चेहरा नको असेल तर…"

"आवाज घेऊन काय करू? पैलवान रविवारी बघायला बसेल ना? चारवरचा बसेल, सातवरचा बसेल. त्यांना ऐकू कुठे येतंय? माझं तोंड दिसलं तरच त्यांना कळणार."

ताई उठली. पुढच्या पाच मिनिटांत त्या खोलीत कुणीही कुणाच्या पायावर पाय देणं शिल्लक ठेवलं नाही. कॅमेरा तिवईवर चढला. जावयाने माइक धरला. आईने नानांच्या सदऱ्याचं वरचं बटण लावलं, त्यांनी ते काढलं, तिने पुन्हा लावलं.

"थांबा," धाकटा म्हणाला.

सगळे थांबले.

"नानांच्या तोंडावर सावली येतेय," धाकटा म्हणाला. "ओठ दिसत नाहीत नीट." तो आतल्या खोलीतून टेबलावरचा दिवा घेऊन आला, आणि धरायला दुसरं काही नव्हतं म्हणून स्वतःच तो उंच धरून उभा राहिला.

जावयाने बोटाने खूण केली आणि उघड्या ओठांनी म्हटलं, "सुरू."

रीळ चालू झालं. नाना एक डोळा चादरीवर आणि चेहरा कॅमेऱ्याकडे ठेवून बोलू लागले. शब्द सुटे, मोठे, प्रत्येक शब्दाला तोंड पूर्ण उघडून.

"हा मी आहे. मी फोरमन होतो. इथे मी प्रत्येकाला म्हणतोय, कानातला कापूस काढा. पाहुणे येतायत. कानात काही दिसता कामा नये. ही माणसं कान खाजवत नाहीत. कापूस काढतायत. ते सगळे कापूस घालायचे, कारण रात्री घरी गेल्यावर कान वाजायचे. मला सकाळी वरून निरोप आला होता. कापूस दिसला तर पाहुणे विचारतील, मग सगळ्यांचे कान तपासावे लागतील. म्हणून काढा. हे वर माहीत होतं. मला माहीत होतं. मी माझाही काढला."

ते थांबले. चादरीवर तरुण पैलवान बोलत होते.

"हा पैलवान. हा म्हणतोय, आज काढतो, पण उद्या ऐकू आलं नाही तर तुमच्या घरी येऊन बसेन, फोरमन." नानांनी चादरीकडे बोट केलं. "आणि हा मी. हसतोय बघा. पैलवान, तू आला नाहीस कधी घरी. तू माझा दोष नाही म्हणालास. आहे. ये."

रीळ संपलं. चादर पुन्हा नुसती चादर झाली. दिवा धरलेला धाकट्याचा हात दुखत असणार, पण तो खाली येत नव्हता.

जावयाने कानांवरचे हेडफोन काढले आणि आवाज स्वच्छ आल्याची खूण केली.

"आवाजाचं राहू दे," नाना म्हणाले. "ओठ दिसले का?"

बासरी गेली. वकिलाला ताईने फोन केला; तो ऐकत गेला, मग म्हणाला, "वाक्य ठेवा," आणि थोडं थांबून, "सहाही मिनिटं ठेवा." भिंगरी दीड तास जागची हलली नाही. बाकीचे तिच्या मागे उभे राहून सूचना करत होते आणि ती दर सूचनेला "गप्प बसा" म्हणत होती, बापालासुद्धा. बाप गप्प बसत होता.

पाचला दहा कमी असताना तिने मान वर केली. "झालं. मुका खेळ?"

"वेळ कुठेय?" ताई म्हणाली.

"पद्धत म्हणजे पद्धत," आई म्हणाली. "फक्त तेवढाच तुकडा."

जावयाने स्पीकरची वायर उपसली. या वेळी नानाही बसले, पुढच्या खुर्चीत नाही, मागे, सगळ्यांबरोबर. चादरीवर त्यांचा चेहरा आला. बाजूने दिव्याचा उजेड. ओठ हलू लागले. खोलीत काहीच आवाज नव्हता, आणि तरी आईचे ओठ त्यांच्याबरोबर हलत होते, ताईचे हलत होते. धाकटा पुढे झुकून, डोळे बारीक करून एकेक शब्द पुटपुटत होता. का-ना-त-ला. का-पू-स. शेवटच्या शब्दापर्यंत तो आला आणि थांबला.

"कळतंय," तो नानांकडे वळून म्हणाला. "सगळं कळतंय, नाना."

"आणि सोमवारी?"

"सोमवारी जाईन. डबा एकट्याने खाईन फार तर."

नानांनी त्याच्या ओठाकडे पाहिलं. तो थरथरत नव्हता असं नाही.

ते काही बोलणार होते, एवढ्यात खोलीतले सगळे चेहरे एकदम दाराकडे वळले. भिंगरीने टेबलावरची डिस्क झडप घालून उचलली, ताईने चपलांच्या शोधात एक खुर्ची पाडली, जावई हातातली वायर तशीच घेऊन धावला. नानांनी त्या चेहऱ्यांकडे बघितलं.

"गाडी आली वाटतं," ते म्हणाले. "पळा!"